८४ स्लाइड दाखवून झाल्या, पण करायचं काय?

प्रश्न थोडक्यात असा: “पुण्यात एका रिसर्च एजन्सीत तीन वर्षं काम करतो. परवा क्लायंटसमोर ८४ स्लाइडचं प्रेझेंटेशन होतं. सहाव्या स्लाइडलाच त्यांचे एमडी म्हणाले, ‘हे सगळं ठीक आहे हो, पण आम्ही करायचं काय?’ शिफारसी अगदी शेवटी होत्या, तिथपर्यंत पोचलोच नाही. एवढ्या मोठ्या अभ्यासातून वरच्या लोकांसाठी मोजक्या शिफारसी काढायच्या कशा?”

आधी थोडा दिलासा. माझ्या पहिल्या मोठ्या प्रेझेंटेशनला ११० स्लाइड होत्या. नवव्या स्लाइडला डायरेक्टर फोन घ्यायला बाहेर गेले ते परत आलेच नाहीत. कामाची गोष्ट ७१व्या स्लाइडवर होती. बरेच दिवस मी त्यांना नावं ठेवत होतो. मग एकदा तोच डेक, म्हणजे स्लाइडचा तो गठ्ठा, पुन्हा उघडला आणि लाज वाटली. पहिल्या नऊ स्लाइडमध्ये मी फक्त सॅम्पल कसं निवडलं, कोटा (कुठल्या गटातली किती माणसं घ्यायची ते) कसा भरला आणि बॅकचेक (भरलेल्या फॉर्मची फेरतपासणी) किती झाले एवढंच सांगितलं होतं. मीसुद्धा बाहेर गेलो असतो.

‘थोडक्यात’ म्हटलं की बहुतेक जण रिपोर्टला कात्री लावतात. ८४च्या ४०, ४०च्या १५, मग अक्षर बारीक करून १०. हल्ली काही जण अख्खा डेक एआयमध्ये टाकतात आणि आलेला सारांश पाठवून देतात. दोन्हीकडे हाती लागतो तो लहान रिपोर्ट. समोरच्या माणसाला येत्या महिन्या-दोन महिन्यांत कशावर सही करायची आहे, तिथून शिफारस सुरू होते. त्या सहीपासून उलटं मागे यायचं आणि वाटेत जेवढा पुरावा लागेल तेवढाच उचलायचा.

एक उदाहरण सविस्तर सांगतो. कंपनीचं नाव सांगणार नाही, आकडेही समजावण्यापुरते बदललेत.

कोल्हापूर-सांगलीकडची मसाल्याची कंपनी. कांदा-लसूण मसाल्यात तिकडे चांगलं नाव. त्यांना पुण्यात उतरायचं होतं, गुढीपाडव्याचा मुहूर्त, २०० ग्रॅमचं पाकीट. सेल्सने पहिल्या वर्षाचं लक्ष्य ४० टन धरलं होतं. आम्ही फेब्रुवारीत फील्ड केलं: पुणे आणि पिंपरी-चिंचवड मिळून ६०० घरं, आठवडाभर मसाला वापरायला दिला, मग परत जाऊन विचारलं. शिवाय ४० किराणा दुकानं आणि सहा एफजीडी, म्हणजे गटचर्चा.

टॉपलाइन, म्हणजे पहिले ठळक आकडे, आली. चव आवडली ६८ टक्क्यांना. ‘नक्की घेईन’ आणि ‘बहुधा घेईन’ मिळून ४१ टक्के, त्यात ‘नक्की’ म्हणणारे १४. माझ्या हाताखालच्या मुलीने शिफारस लिहिली: “पुणेकर ग्राहकांमध्ये उत्पादनाबाबत सकारात्मक प्रतिसाद दिसून येत असून ब्रँडविषयी जागरूकता वाढवण्यावर लक्ष केंद्रित करण्यात यावे.” व्याकरण बिनचूक. पण हे वाक्य वाचून कुणी उद्या सकाळी ऑफिसात येऊन वेगळं काही करेल का? आणि हेच वाक्य हळद, चहा, विमा, सिमेंट, कशालाही चालतं. कुठल्याही मालाला चालणारी शिफारस तुमच्या अभ्यासातून आलेलीच नसते.

मी फील्डवर दोन दिवस गेलो होतो. (जा. कितीही मोठे झालात तरी दोन दिवस जा.) हडपसरला एका घरी मूळच्या कराडकडच्या काकू होत्या. आमच्या सर्व्हे करणाऱ्या मुलीने फॉर्म भरायला घेतला आणि काकूंनी आतून स्टीलचा मोठा डबा आणून समोर ठेवला. तळाला दोन बोटं मसाला, त्यात हिंगाचे खडे. चमचा खरवडून दाखवला आणि म्हणाल्या, “आत्ता तुमचं पाकीट चालेल गं मला, डबा तळाला गेलाय. पण मे महिन्यात येऊ नका. तेव्हा आई गावाहून वर्षाचा कांडून पाठवते.”

ज्याच्या घरी उन्हाळ्यात मिरच्या वाळवून कांडपावर नेतात, त्याला हे सांगायला नको. पण आमच्या टॉपलाइनमध्ये याचा मागमूस नव्हता. आम्ही डबे रिकामे होत आलेल्या महिन्यात जाऊन ‘घ्याल का’ विचारलं होतं, आणि कंपनी डबे भरायच्या तोंडावर माल विकायला निघाली होती.

नशिबाने फॉर्ममध्ये एक प्रश्न होता: घरचा मसाला किती उरलाय? आमच्या फील्ड सुपरवायझरच्या आग्रहाने घातलेला. मी तर तो काढायला निघालो होतो, फॉर्म लांब होतोय म्हणून. त्यावर क्रॉसटॅब चालवला, म्हणजे त्या उत्तराप्रमाणे घरांचे गट पाडून आकडे वेगळे काढले. डबा तळाला गेलेली २६० घरं, त्यांत ‘नक्की घेईन’ २७ टक्के. बाकीची ३४० घरं, त्यांत ४ टक्के. दोन्ही मिळून सरासरी १४. ही सरासरी पुण्यातल्या एकाही घराचं वर्णन नव्हती. दुकानदारांना परत फोन केले, तर तेही तेच म्हणाले: मसाल्याची पाकिटं डिसेंबरपासून हलायला लागतात, पाडव्यानंतर धूळ खातात.

मग एमडींसाठी जे पान लिहिलं, ते साधारण असं होतं:

“गुढीपाडव्याला पुण्यात उतरू नका, १ डिसेंबरला उतरा. आपलं गिऱ्हाईक घरचा मसाला संपल्यावर पाकीट घेतं. डबा तळाला गेलेल्या घरांत १००पैकी २७ जणी नक्की घेऊ म्हणतात, मसाला शिल्लक असलेल्या घरांत ४.

२०० ग्रॅमऐवजी १०० ग्रॅमचं पाकीट आधी काढा. मे महिन्यापर्यंतची नड भागवायला घेतात, जास्त उरलेलं नको असतं.

पहिल्या हंगामाला १४ टन धरा, ४० नको. हिशेब मागे जोडला आहे.

हा निर्णय १५ मार्चच्या आत हवा, कारण त्यानंतर २०० ग्रॅमच्या छपाईची ऑर्डर जाते.

या अभ्यासातून कळत नाही: मुंबईत असंच चालेल का, आणि घरी मसाला करणंच बंद केलेल्या घरांचं काय. अशी घरं आमच्या सॅम्पलमध्ये थोडी होती.”

बस. ६०० घरं, ४० दुकानं, सहा एफजीडी, एक पान. चव ६८ टक्क्यांना आवडली हे त्यात नाही, बघा. चव आवडली नसती तर पहिल्या ओळीत आलं असतं. आवडली, म्हणजे त्या बाजूने अडचण नाही. ते मागच्या कागदात.

आता हे पान कसं तयार होतं, याबद्दल. मोठा भाग फील्डच्या आधीचा आहे, आणि तिथेच आपण आळस करतो. ब्रीफ घेताना मी क्लायंटला विचारतो: उत्तर ‘हो’ आलं तर काय कराल? ‘नाही’ आलं तर काय कराल? कधीपर्यंत? सही कुणाची? दोन्ही उत्तरांना ते तेच करणार असतील, तर अभ्यासाची गरजच नाही, त्यांना फक्त पाठीवर थाप हवी आहे. अशी दोन कामं मी परत पाठवली आहेत. एक घेतलंही आहे, तेव्हा घराचा हप्ता होता.

त्याच बैठकीत मापही ठरवून घ्या. आपल्या धंद्यात त्याला अ‍ॅक्शन स्टँडर्ड म्हणतात: ‘नक्की घेईन’ अमुक टक्क्यांच्या खाली आलं तर उतरायचं नाही, हे आकडे यायच्या आधी लिहून दोघांनी मान्य करायचं. नाहीतर निकाल आल्यावर घासाघीस सुरू होते. १४ आले की कुणीतरी म्हणतं, “१४ काही कमी नाहीत हो!” माप आधी ठरलेलं असेल तर वाद तिथेच मिटतो.

आणि एक सवय लावून घ्या: फील्ड सुरू व्हायच्या आधी शिफारशीचं पान लिहून काढा, आकड्यांच्या जागा रिकाम्या ठेवून. “___ टक्क्यांपेक्षा जास्त घरांत ___ दिसलं तर ___ करा.” ज्या प्रश्नाचं उत्तर या पानावर कुठेच बसत नाही, तो प्रश्न फॉर्ममध्ये कशाला, हे स्वतःला विचारा. माझा ‘डब्यात किती उरलाय’वाला अनुभव याच्या थोडा उलटा जातो, हे मान्य आहे. म्हणून दोन-तीन प्रश्न फील्डवाल्यांच्या मर्जीचे ठेवतो. त्यांना घरात काय चालतं ते आपल्यापेक्षा जास्त कळतं.

फील्डनंतर चाळणी लावताना मी कागदाच्या चिठ्ठ्या करतो, एका चिठ्ठीवर एक गोष्ट. मसाल्याच्या कामात सव्वाशेच्या आसपास झाल्या होत्या. निर्णय बदलणाऱ्या एकीकडे, त्याला आधार देणाऱ्या दुसरीकडे, बाकी ‘बरं आहे, कळलं’ तिसरीकडे. तिसरा ढीग नेहमी सगळ्यात मोठा होतो आणि त्यातल्या गोष्टी टाकताना जीव तुटतो, कारण मेहनत तिथेच जास्त गेलेली असते. तुमच्या ८४पैकी माझ्या अंदाजाने ६० स्लाइड या ढिगातल्या असतील.

आकड्यांबाबत दोन गोष्टी. पहिली, सॅम्पलची ताकद ओळखा. ४०० जणांच्या सॅम्पलमध्ये टक्केवारी साधारण ५ इकडे-तिकडे होऊ शकते, १०० जणांच्यात जवळजवळ १०. दोन शहरांत प्रत्येकी १०० जणांना विचारलं असेल, तर ४७ विरुद्ध ४३ हा फरक नाहीच. साधारण १४ टक्क्यांचा फरक दिसेपर्यंत मी त्यावर शिफारस बांधत नाही. डेकमध्ये ‘नाशिक पुण्यापेक्षा ४ टक्क्यांनी पुढे’ असं हिरव्या बाणासकट लिहिलेलं असतं, आणि कुणीतरी त्यावर नाशिकचं बजेट वाढवून बसतं.

दुसरी, टक्के वरच्या माणसापर्यंत नेऊ नका, टन न्या, पेट्या न्या, रुपये न्या. १४ टक्के ऐकून एमडींना काय करायचं ते कळत नाही, पण १४ टन म्हटलं की लगेच कळतं, कारण त्यांना त्यांची मशीन दिवसाला किती काढते ते माहीत असतं. आमचा हिशेब असा होता: कंपनीची गाडी पोचते त्या भागात १० लाख घरं धरली. ‘नक्की घेईन’ १४ टक्के. तोंडी ‘नक्की’ म्हणणारे सगळे दुकानात जात नाहीत, म्हणून निम्मे, ७ टक्के, म्हणजे ७० हजार घरं. हंगामात घरटी १०० ग्रॅमची दोन पाकिटं, म्हणजे १४ टन. यात ‘निम्मे’ हा माझा अंदाज आहे, आधीच्या कामांवरून काढलेला. तो लपवायचा नाही, उघड लिहायचा. एमडी म्हणाले, निम्मे नको, एकतृतीयांश धरू. धरले. हिशेब मोकळा ठेवला की ते तुमच्याशी भांडत नाहीत, हिशेबाशी भांडतात, आणि हेच हवं असतं.

भाषेबद्दल जरा जास्त बोलतो, कारण आपली अडचण इथे आहे. ‘करण्यात यावे’, ‘भर देण्यात यावा’, ‘विचार व्हावा’. यांत करणारा कुणीच नाही. सरकारी परिपत्रकातून आलेली ही सवय कॉर्पोरेट मराठीतही मुरली आहे, आणि इंग्रजी डेकमध्येही तिचंच भाषांतर दिसतं. शिफारशीत करणारा हवा, क्रियापद हवं, तारीख हवी. माझी कसोटी सोपी आहे. आपल्याकडे डेक इंग्रजीत असतो पण भांडण मराठीत होतं. म्हणून प्रत्येक शिफारस ऑफिसातल्या चहावाल्या दादांना मराठीत एका दमात सांगून बघा. सांगता आली नाही, तर अजून शिफारस तयार झालेली नाही. मसाल्याची पहिली ओळ मी खरंच सांगून बघितली होती. दादा म्हणाले, “बरोबरे की, मेमध्ये कोण घेतंय?” सहा एफजीडींचा निकाल त्यांनी चार सेकंदांत दिला.

मुख्य गोष्ट वर ठेवण्याबद्दल लोक सांगतात, पण ती खाली गेल्याने काय होऊ शकतं याचं मी पाहिलेलं सगळ्यात जड उदाहरण आपल्या धंद्यातलं नाही. २००३च्या जानेवारीत कोलंबिया यान अवकाशात असताना, पंखावर आदळलेल्या फोमच्या तुकड्यामुळे किती नुकसान झालं असेल, यावर बोइंगच्या इंजिनिअरांनी नासाला स्लाइड दाखवल्या. त्यातल्या एका स्लाइडचं शीर्षक धीर देणारं होतं. तळाच्या बारीक ओळीत मात्र लिहिलं होतं की चाचण्या ३ घनइंचाच्या तुकड्यावर झाल्या होत्या, आणि आदळलेला तुकडा १,९२० घनइंचाचा असावा. ६४० पट मोठा. म्हणजे चाचण्यांवरून काही सांगताच येत नव्हतं. १ फेब्रुवारीला परतताना यान तुटलं, कल्पना चावला यांच्यासह सातही जण गेले. चौकशी मंडळाच्या अहवालाने पुढे या स्लाइडवर वेगळी टीका केली. एका स्लाइडमुळे यान पडलं असं कुणी म्हणत नाही. पण ती तळाची ओळ शीर्षकात असती तर, हा विचार मनातून जात नाही. तेव्हापासून मी प्रत्येक पानाची शेवटची ओळ वाचतो आणि विचारतो, हिला शीर्षक करायचं का?

‘या अभ्यासातून कळत नाही’ ही ओळ तरुण मंडळींना कमीपणाची वाटते. मला ती पानावरची सगळ्यात कष्टाची ओळ वाटते. कोका-कोलाने १९८५च्या एप्रिलमध्ये जुनी चव बदलली, तेव्हा त्यांच्याकडे जवळजवळ दोन लाख लोकांच्या चवचाचण्या होत्या आणि नवी चव जास्त लोकांना आवडत होती. आकडे खोटे नव्हते. पण जुनी चव मिळणारच नाही हे लोकांना कसं वाटेल, हा प्रश्न त्या घोटांमध्ये नव्हता. ७९ दिवसांत जुनी चव परत आणावी लागली. त्या शिफारशीखाली कुणी ‘हे चवचाचणीतून कळत नाही’ अशी एक ओळ लिहिली असती, तर निदान टेबलावर चर्चा झाली असती.

किती छोटं लिहायचं? एक पान हा माझा नियम, पण त्याची पूजा करू नका. अ‍ॅमेझॉनमध्ये जेफ बेझोस यांनी २००४मध्ये वरिष्ठांच्या बैठकीतून पॉवरपॉइंट काढून टाकलं आणि सलग गद्यात लिहिलेली टिपणं आणली, सहा पानांपर्यंतची. बैठकीच्या सुरुवातीला सगळे गप्प बसून ती वाचतात. सलग वाक्यांत लिहिताना ‘म्हणून’ आणि ‘पण’ लिहावेच लागतात, बुलेटमध्ये ते गायब करता येतात. तुमचा क्लायंट वाचणारा असेल तर सहा पानं द्या. आपल्याकडच्या बऱ्याच घरच्या कंपन्यांत शेठ वाचत नाहीत, ऐकतात. तिथे पान हातात ठेवा आणि तोंडी सांगा.

शिफारशी तीनच्या वर नेऊ नका. सात शिफारशी दिल्या की कंपनी त्यांतल्या सोप्या दोन करते, आणि त्या बहुधा पॅकेटचा रंग आणि फेसबुकवरच्या पोस्ट याच असतात.

आणि बैठकीत कुणाला धक्का देऊ नका. ‘४० नको, १४’ हे ऐकून सगळ्यात जास्त कुणाला लागणार? सेल्सच्या साहेबांना. त्यांनी डिस्ट्रिब्युटरांना पाडव्याचा शब्द दिलेला होता. मी आदल्या आठवड्यात त्यांना जाऊन भेटलो, क्रॉसटॅब दाखवला, काकूंच्या डब्याची गोष्ट सांगितली. ते चिडले. मग अर्ध्या तासाने म्हणाले, “माझ्या घरी पण मेमध्येच येतो हो मसाला.” बैठकीत डिसेंबरची तारीख त्यांनीच मांडली. मला त्याचं श्रेय मिळालं नाही. पुढची तीन कामं मिळाली.

एमडींनी पाऊण तास दिला होता, प्रत्यक्षात १२ मिनिटं मिळाली. पहिलं मिनिट पानासाठी गेलं. बाकी वेळ ते प्रश्न विचारत होते आणि तेव्हा १३० पानांचा जाड रिपोर्ट कामाला आला. तुमच्या ८४ स्लाइड फेकायच्या नाहीतच, त्यांना फक्त मागच्या बाकावर बसवायचं. पानाच्या प्रत्येक ओळीसमोर रिपोर्टचा पान नंबर पेन्सिलीने लिहून ठेवा. एमडींनी विचारलं, “पिंपरी-चिंचवडमध्ये वेगळं आहे का काही?” पान ६१ उघडून दाखवलं: नाही, तिथेही डबा तळाला गेल्यावरच घेतात. त्यांनी तारीख मान्य केली, टनांचा हिशेबही मान्य केला, फक्त निम्म्याऐवजी एकतृतीयांश धरून १४चे साधारण ९ टन केले. १०० ग्रॅमचं मात्र ऐकलं नाही, २००च्या मापाच्या कोऱ्या फिल्मचे रोल आधीच येऊन पडले होते, फक्त छपाई बाकी होती.